शष्कुलीचा नाद

विलायतेस जाऊन आलेल्या मनुष्याने राजवाडे, पूल आणि पदार्थसंग्रहालये यांचे वर्णन करावे असा शिरस्ता आहे, आणि वाचकांचीही तीच अपेक्षा असते. प्रस्तुत लेखकाने थेम्स नदीच्या आसमंतात दोन महिने काढले व वरीलपैकी पुष्कळ गोष्टी पाहिल्या. परंतु या प्रवासातील खरा धडा मिळाला तो चकलीच्या एका तुकड्यापासून. तो तुकडा विलायती नव्हता. वाईस आमच्या थोरल्या सूनबाईंनी स्वहस्ते तळलेला होता. त्याची खरी चव मात्र मला साता समुद्रांपलीकडे जाऊन कळली. ज्या घरांत सासरे, सुना आणि नातवंडे एका पंक्तीस बसतात, त्या घरांना ही हकीकत कदाचित उपयोगीही पडेल, म्हणून लिहीत आहे.

प्रथम माझा अपराध सांगतो. गेली तीन-चार वर्षे आमच्या घरच्या पापडांविषयी माझी तक्रार असे. चैत्र-वैशाखात वाळवणे होतात, गच्चीवर कुरडया-पापड पसरतात, सारे घर राबते. परंतु पानात पडलेला पापड मोडला की मला वाटे, हा सादळलेला आहे. पूर्वीचा तो कुरकुरीतपणा गेला कोठे? आमच्या मातोश्रींच्या हातचे पापड कसे असत, याचे वर्णन मी पंक्तीत करीत असे. सौभाग्यवती एकदा म्हणाल्या, “अहो, पापड चांगला कुरकुरीत आहे. आम्हां सगळ्यांना लागतो, तुम्हांलाच कसा लागत नाही?” शिक्षकी पेशात छत्तीस वर्षे घालवलेल्या मनुष्यास आपले चुकत असेल ही शंका लवकर येत नाही. मी म्हणालो, “तुम्ही सुनेची बाजू घेता.”

निघण्याच्या आठ दिवस आधी घरी पाहुणे होते. त्यांच्या देखत मी पापड बाजूला सारला व म्हणालो, “सूनबाई, डब्याचे झाकण नीट लावीत चला. पाहुण्यांना सादळलेले पापड वाढू नयेत.” पाहुणे गप्प राहिले. सूनबाई काही बोलल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी दुपारी गच्चीवर गेलो, तो सगळे पापड पुन्हा उन्हात पसरलेले. मागाहून सौभाग्यवतींकडून कळले की, त्या वर्षी तेच पापड तीन वेळा उन्हात घातले गेले होते. ही गोष्ट ऐकून मला त्या वेळी वाईट वाटले नाही, उलट आपल्या सांगण्याचा उपयोग होतो आहे असे समाधान वाटले. आज ते लिहिताना लाज वाटते.

मुंबईहून लंडनला विमानाने जाण्यास सुमारे दहा तास लागतात. मध्येच भूक लागली म्हणून बरोबर दिलेला बेसनाचा लाडू काढला. तो मला अगोड लागला. रेडिंग येथे धाकट्या चिरंजीवांच्या घरी पोहोचताच खुशाली कळवण्यासाठी वाईस दूरध्वनी केला, त्यात हेही सांगून टाकले की, लाडवांत साखरेला हात आखडला आहे. पलीकडून “बरं, मामंजी” एवढेच उत्तर आले.

रेडिंग हे गाव एके काळी बिस्किटांकरिता जगप्रसिद्ध होते. हंटले आणि पामर यांच्या कारखान्याचे मूळ 1822 सालच्या एका लहानशा भट्टीत आहे. पुढे त्यांची बिस्किटे पत्र्याच्या घट्ट डब्यांतून जगभर गेली, हिंदुस्थानातही आली. बिस्किटाचा जीव त्याच्या कोरडेपणात; हवेतील ओल लागली की ते मऊ पडते, म्हणून डब्याला बिस्किटाइतकेच महत्त्व. कारखाना आता चालू नाही, परंतु गावाच्या संग्रहालयात ते चित्रविचित्र डबे जपून ठेवलेले आहेत. ते पाहताना मला आमच्या घरच्या पापडाच्या डब्याची आठवण झाली, व मी चिरंजीवांस म्हणालो, “झाकण कसे असावे हे तुझ्या वहिनीने येथे येऊन पाहावे.”

त्याच सायंकाळी बरोबर आणलेल्या चकल्यांचा डबा उघडला. मी एक चकली तोंडात टाकली आणि सवयीप्रमाणे म्हणालो, “सादळली.” शेजारी नऊ वर्षांची नात खात बसली होती. ती खाणे थांबवून म्हणाली, “आजोबा, तुम्ही खाताना केवढा आवाज होतोय! मला इकडे ऐकू येतोय.” चिरंजीवांनी एक चकली खाल्ली, धाकट्या सूनबाईंनी खाल्ली. दोघांनी एकमेकांकडे पाहिले. मग चिरंजीव हसत म्हणाले, “बाबा, उद्या आपण ऑक्सफर्डला जाऊ. वाटेत तुम्हांला एक गंमत सांगतो.”

रेडिंगहून ऑक्सफर्डला आगगाडीने अर्धा तास पुरतो. गाडी बराच वेळ थेम्सच्या सोबतीने जाते. कृष्णेच्या घाटावर वाढलेल्या मनुष्यास ती नदी ओढ्यासारखी वाटते. परंतु काठ हिरवेगार आणि पाणी संथ. गाडीत चिरंजीवांनी जी गंमत सांगितली, ती अशी.

ऑक्सफर्डच्या विद्यापीठात चार्ल्स स्पेन्स नावाचे मानसशास्त्राचे अध्यापक आहेत. एका इंद्रियाचा दुसऱ्या इंद्रियाच्या ज्ञानावर काय परिणाम होतो, हा त्यांचा विषय. त्यांनी व मासिमिलियानो झाम्पिनी या सहकाऱ्यांनी 2004 साली एक प्रयोग प्रसिद्ध केला. काही माणसांना एकेक करून बसवून बटाट्याच्या तळलेल्या चकत्या पुढच्या दातांनी तोडण्यास सांगितले. चकत्या साच्यातून काढल्यासारख्या एकाच आकाराच्या व एकाच जातीच्या. खाणाऱ्याच्या तोंडापुढे मायक्रोफोन, कानांवर हेडफोन. चावण्याचा आवाज यंत्रातून फिरून त्याच क्षणी त्याच्याच कानांत येई. मात्र प्रयोगकर्ते तो कधी मोठा, कधी लहान करीत, तर कधी त्यातील केवळ तीक्ष्ण, उंच स्वरांचा भाग वाढवीत वा घटवीत. आवाज मोठा केला किंवा उंच स्वर वाढवले की खाणारे म्हणत, ही चकती अधिक कुरकुरीत व ताजी आहे. आवाज दबवला की म्हणत, ही शिळी, मऊ पडलेली. पुष्कळांची तर खात्री झाली की, आपणांस निरनिराळ्या पुड्यांतील चकत्या दिल्या जात आहेत. या संशोधनास 2008 साली ‘इग नोबेल’ नावाचे पारितोषिक मिळाले. आधी हसवणाऱ्या व मग विचार करावयास लावणाऱ्या संशोधनांसाठी ते देतात.

मी हसलो, परंतु विचार करण्यास तेवढ्याने तयार झालो नाही. “त्या चकत्या खाणाऱ्यांना यंत्राने फसवले,” मी म्हणालो. “माझ्या कानाला कोणी यंत्र लावले आहे?” चिरंजीव काही बोलले नाहीत.

ऑक्सफर्ड हे गाव संस्कृतच्या विद्यार्थ्यास परके वाटत नाही. मॅक्सम्युल्लरांचे ऋग्वेदसंपादनाचे कार्य येथे चालले. ज्यांचा संस्कृत-इंग्रजी कोश आजही शास्त्री-पंडितांच्या हाताशी असतो ते मोनियर विल्यम्स येथे अध्यापक होते. त्यांचा जन्म 1819 सालचा, मुंबईचा. त्यांच्या खटपटीने उभ्या राहिलेल्या इंडियन इन्स्टिट्यूटच्या इमारतीचा पाया 1883 साली घातला गेला. ब्रॉड स्ट्रीटच्या टोकास ती इमारत अजून आहे. आत आता दुसरी संस्था असते. शिखरावर वाऱ्याची दिशा दाखवणारा हत्ती आहे, आणि आत देवनागरी अक्षरांत कोरलेला संस्कृत शिलालेख आहे. समोरच्या पायरीवर आम्ही विसावलो. नातीने पिशवीतून चकली काढली व मला विचारले, “आजोबा, चकलीला संस्कृतमध्ये काय म्हणतात?”

उत्तर माझ्या जिभेवर होते. तांदळाचे पीठ व तीळ यांचा तेलात तळलेला जो कडक पदार्थ प्राचीन ग्रंथांत येतो, त्याचे नाव ‘शष्कुली’. आपल्या चकली-कडबोळ्यांची ती आजी म्हणावी. मी तो शब्द उच्चारला मात्र, आणि त्याच्या मागोमाग तरुणपणी पाठ केलेल्या दोन गोष्टी मनात उभ्या राहिल्या.

पहिली अशी. न्यायशास्त्रात प्रत्येक इंद्रियाचा प्रांत वेगळा आखून दिलेला आहे. रस हा जिभेचा विषय, शब्द हा कानाचा. शिवाय नैयायिकांच्या मते मन हे अणुपरिमाण असून एका वेळी एकाच इंद्रियाशी जोडले जाते, म्हणून एका क्षणी एकच ज्ञान होते. यावर जो आक्षेप घेतात त्याचे उदाहरण विश्वनाथ पंचाननांच्या सिद्धान्तमुक्तावलीत आहे. मनुष्य लांबलचक शष्कुली खात असतो तेव्हा ती त्याला दिसते, तिचा वास येतो, चव कळते, कठीण स्पर्श कळतो आणि कुरकुर आवाजही ऐकू येतो. ही पाचही ज्ञाने एकदम होतात, त्याची वाट काय? नैयायिक उत्तर देतात की, ती एकदम होत नाहीत, एकामागून एक होतात. मन इतके चपळ आहे की मधले अंतर ध्यानात येत नाही. कमळाच्या शंभर पाकळ्या एकावर एक ठेवून सुई टोचली तर सर्व एकदम विंधल्यासारख्या वाटतात, तसेच हे.

हा वाद मी गुरुजींपुढे बसून घोकला होता, पुढे इतरांस समजावूनही दिला होता. परंतु शेकडो वर्षांपूर्वी शास्त्रकारांना पाच इंद्रियांचा मेळा दाखवण्यासाठी नेमकी कुरकुरीत वस्तूच का सुचली, याचा विचार मी कधी केला नव्हता. भात किंवा खीर घेऊन तो आक्षेप उभा राहिला नसता, कारण तेथे कानाला काम नाही.

दुसरी गोष्ट मला अधिक लागली. ‘शष्कुली’ या शब्दाचा आणखी एक अर्थ आहे, तो म्हणजे कानाची पोकळी. न्यायशास्त्र श्रोत्राची व्याख्या करते तीच मुळी कर्णशष्कुलीने मर्यादित झालेले आकाश अशी. मोनियर विल्यम्सांच्या कोशात हे दोन्ही अर्थ एकाच नोंदीत शेजारी शेजारी छापलेले आहेत. तो कोश याच गावात छापला गेला, आणि मी हाती चकली घेऊन त्या कोशकाराच्या इमारतीच्या पायरीवर बसलो होतो. ‘शष्कुली सादळली’ असे मी वर्षानुवर्षे म्हणत आलो होतो. दोहोंपैकी कोणती, हा प्रश्न मला त्या पायरीवर प्रथम पडला.

तरीही मी कोणाजवळ काही बोललो नाही. मनुष्य शास्त्रार्थ लवकर मान्य करतो, स्वतःचा दोष मान्य करण्यास त्याला आणखी काही दिवस लागतात.

पुढच्या आठवड्यात ब्रे या खेड्यास गेलो. रेडिंगहून पूर्वेस पाव तासाच्या अंतरावर मेडनहेड स्टेशन लागते, तेथून ब्रे दीड मैल. थेम्सच्या काठी जुने चर्च, फुलांनी वेढलेली घरे, अरुंद रस्ते. राजा बदलला की धर्ममत बदलून आपली जागा राखणाऱ्या येथील एका धर्मोपदेशकाची कथा इंग्रजांत म्हणीसारखी झाली आहे. या चिमुकल्या गावात ‘फॅट डक’ नावाचे उपाहारगृह आहे. हेस्टन ब्ल्यूमेंथल या पाककर्त्यांनी ते 1995 साली काढले व 2004 साली त्यास मिशेलिनचे तिसरे तारांकन मिळाले. बाहेरून पाहिले तर एखादे जुने बैठे घर वाटावे. आत जाण्याचा प्रश्नच नव्हता. एक तर तेथील एका जेवणाच्या खर्चात आमच्या घराचा बराच काळ किराणा येईल, आणि दुसरे, जो पदार्थ ऐकण्याकरिता मी तेथे गेलो तो आमच्या पानात चालणारा नव्हता.

होय, ऐकण्याकरिता. स्पेन्स यांच्या सल्ल्याने ब्ल्यूमेंथल यांनी 2007 साली एक पदार्थ मांडला, त्याचे नाव ‘समुद्राचा आवाज’. काचेच्या तबकाखाली खरी वाळू. वर खाण्याची वाळू, तिच्यावर मासे व शेवाळ, आणि लाटेसारखा फेस. बरोबर एक मोठा शंख येतो. त्यात लहानसे वाद्ययंत्र दडवलेले असते. त्याच्या नळ्या कानांत घालावयाच्या आणि लाटांचा व समुद्रपक्ष्यांचा आवाज ऐकत जेवावयाचे. याच्या आधी ऑक्सफर्ड येथे त्यांनी लोकांना कालवे खावयास देऊन पाहिले होते. समुद्राचा आवाज चालू असताना ती अधिक रुचकर वाटली, तर कोंबड्यांच्या खुराड्याचा आवाज चालू असताना कमी. त्या वाळूच्या घटकांची माहिती ऐकून सौभाग्यवतींस मोठी मौज वाटली. ज्या कंदापासून आपला साबुदाणा करतात, त्याच कंदाच्या पिठाचा अंश तीत असतो. “म्हणजे वाळू तेवढी उपासाला चालेल,” त्या म्हणाल्या.

अशा प्रयोगांची पुढे बरीच मालिका झाली. 2012 साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात एकच जळकट-गोड चिक्की दोन प्रकारच्या संगीताबरोबर खावयास दिली. खर्जातल्या संगीताबरोबर ती अधिक कडू लागली, उंच स्वरांबरोबर अधिक गोड. यातून कोणी असे समजू नये की, सनई लावली म्हणजे साखर वाचली. फरक थोडा असतो, आणि पदार्थात जे मुळातच नाही ते नाद निर्माण करू शकत नाही. असलेल्या चवीकडे तो मनाला थोडे अधिक वळवतो, एवढेच.

विमानातील लाडवाचाही उलगडा झाला. मोठ्या आवाजात खारट व गोड या चवी मंद वाटतात असे 2011 सालच्या एका प्रयोगात दिसले होते. अमेरिकेतील कॉर्नेल विद्यापीठाने 2015 साली विमानाच्या अंतर्भागातील घरघरीइतका, म्हणजे 85 डेसिबलचा, आवाज ऐकवून पाहिले, तेव्हाही गोडी कमी झालेली आढळली. त्यात विमानातील कोरड्या हवेने नाकही साथ देत नाही. म्हणजे साखरेला हात आखडला होता तो इंजिनाने, आणि बोल लागला होता वाईच्या स्वयंपाकघराला.

परत येताना मेडनहेडचा मोठा पूल ओलांडून पलीकडच्या काठाने चालत गेलो. तेथे लंडनहून पश्चिमेस जाणारा लोहमार्ग ज्या पुलावरून जातो तो ब्रुनेल या स्थापत्यविशारदाने 1838 साली पुरा केला. त्याच्या दोन मुख्य कमानी नुसत्या विटांच्या. प्रत्येकीची लांबी 128 फूट आणि उंची अवघी 24 फूट. इतकी सपाट कमान उभी राहणार नाही असे तेव्हाच्या टीकाकारांचे भाकीत होते, पण आजच्या जड गाड्याही तीवरून धडाडत जातात. काठची पायवाट ज्या कमानीखालून जाते तिला लोक ‘नादणारी कमान’ म्हणतात, कारण तिच्यात विलक्षण प्रतिध्वनी उठतो.

नातीने कमानीखाली उभे राहून टाळी वाजवली. टाळी परत आली, पुन्हा आली. मीही मौजेने “ओम्” म्हटले, तो घुमला. मग तिने बारीक, उंच शीळ घातली आणि डोळे मोठे करून वर पाहत राहिली. “किती वेळा आली, आजोबा?” तिने विचारले. मी म्हणालो, “आली कोठे? एकदाच तर वाजली.” ती म्हणाली, “नाही, पाच वेळा आली!” सौभाग्यवतींनी चार मोजल्या होत्या. तिने पुन्हा शीळ घातली. तिच्या ओठांचा चंबू मला दिसला, पहिली शीळ अंधूक ऐकू आली, नंतर सारे शांत. मात्र सगळ्यांच्या माना जणू काही ऐकत असल्यासारख्या वर झालेल्या होत्या.

वरून एक गाडी गेली. तिची गडगड मला स्पष्ट ऐकू आली. खालचे स्वर सगळे शाबूत होते, गेले होते ते वरचे. पापडाचा, चकलीचा, बिस्किटाचा आवाज कोणत्या स्वरांचा असतो, हे मला आगगाडीतल्या गंमतीतच सांगून झाले होते.

घरी आल्यावर मी आपण होऊन चिरंजीवांस म्हणालो, “तुझ्याजवळ मायक्रोफोन आहे ना?” नातीच्या गाण्याच्या शिकवणीकरिता घरात मायक्रोफोन, हेडफोन व स्वर कमीजास्त करण्याची एक लहान पेटी होती. चिरंजीवांनी ती जोडली. नातीने एक चकली मोडून तिचे दोन तुकडे केले. पहिला तुकडा मी खाल्ला, तो नेहमीसारखा मवाळ. मग माझ्या पाठीमागे पेटीची एक खुंटी फिरवली गेली. दुसरा तुकडा दातांखाली आला, आणि असे वाटले की लहानपणीच्या दिवाळीतली चकली कोणी तोंडात घातली. खुसखुशीत, कडक, नुकतीच झाऱ्यावरून उतरलेली. मी डोळे मिटले. मग डोळे उघडून विचारले, “ही कोणत्या डब्यातली?” नात म्हणाली, “त्याच चकलीचा अर्धा तुकडा आहे, आजोबा.”

यामागचे शारीर कारण सरळ आहे. कानाच्या आत शंखासारखी वळलेली एक नळी असते. तिच्यातील सूक्ष्म केसांच्या पेशी निरनिराळे स्वर टिपतात. उंच स्वर टिपणाऱ्या पेशी नळीच्या दाराशी असतात, आणि वय झाले की बहुधा त्याच आधी झिजतात. एकदा गेल्या की त्या परत उगवत नाहीत. हे इतक्या सावकाश घडते की मनुष्यास पत्ता लागत नाही. बोलणे ऐकू येते, पण स, श, ष, फ अशी अक्षरे पुसट होतात. नातीला स्तोत्रे शिकवताना “तुझा ‘श’ स्पष्ट येत नाही” म्हणून मी तिला चार वेळा टोकले होते. ‘शष्कुली’ शब्दात दोन ऊष्म वर्ण आहेत, आणि ते दोन्ही आता माझ्या कानाच्या हद्दीबाहेर चालले होते.

त्या रात्री झोप लागली नाही. गच्चीवर तिसऱ्यांदा पसरलेले पापड डोळ्यांपुढून हालत नव्हते. आपल्या घरांत सासऱ्याने सुनेची क्षमा मागावी असा परिपाठ नाही. तो का नाही, याचे उत्तर मात्र माझ्या कोणत्याही ग्रंथात सापडेना. सकाळी वाईस दूरध्वनी केला. सूनबाईच आल्या.

मी म्हणालो, “सूनबाई, पापड सादळलेले नव्हते. माझे कान सादळले होते. पाहुण्यांपुढे बोललो ते चुकलो.”

पलीकडे बराच वेळ काही आवाज नव्हता. मला वाटले, हाही स्वर माझ्या कानाच्या हद्दीबाहेरचा असावा. मग त्या म्हणाल्या, “मामंजी, आणि लाडवांत साखर किती घालू?”

“घालता तेवढीच,” मी म्हणालो, “तो दोष विमानाचा.” तेव्हा त्या हसल्या, आणि ते हसणे मला नीट ऐकू आले. “आल्यावर आधी पुण्यास जाऊन कान दाखवा,” त्या म्हणाल्या. सासऱ्यास सुनेने आज्ञा करावी असाही परिपाठ नाही, परंतु मी ती पाळली.

पुण्यात कानांची परीक्षा झाली. कागदावरची रेघ खालच्या स्वरांपाशी सरळ चाललेली, आणि उंच स्वरांपाशी घाटातल्या रस्त्यासारखी उतरलेली. आता दोन्ही कानांत वाटाण्याएवढी यंत्रे असतात. त्यांनी मूळचे कान परत येत नाहीत, आणि पहिले काही दिवस भांड्यांचा खणखणाट जीव नकोसा करतो. परंतु मोहरी तडतडली की फोडणी झाली, हे आता मला ओसरीवर कळते. पुरी-चकली तळताना प्रथम चर्र आवाज उठतो तो आतील पाण्याची वाफ होऊन बुडबुडे निघतात म्हणून. ते ओसरून कढई शांत होत आली की घाणा उतरण्याजोगा झाला. हे सूनबाई कढईकडे पाठ असतानाही ओळखतात. ब्रे येथील पाककर्त्याने कानाला जेवणात स्थान दिले म्हणून जगाने त्याचे कौतुक केले, ते योग्यच झाले. आमच्या घरात ते ज्ञान चुलीपाशी नित्य वावरत होते, आणि घरातला एकमेव शास्त्री त्याला नावे ठेवीत होता.

साठीच्या पुढच्या वाचकांना माझी एवढीच विनंती आहे की, पदार्थ पूर्वीसारखा लागत नाही असे वारंवार वाटू लागले, तर स्वयंपाकघराची चौकशी करण्याआधी एकदा कानांची करून घ्यावी.

परवा तेच पाहुणे पुन्हा आले होते. पंक्तीत पापड आला. मी तो सर्वांस ऐकू जाईल असा मोडला, आणि सूनबाईंस म्हणालो, “आणखी एक वाढा.”